ईयोबाचं पान

सोनई, सोमवार, १२ जून १९४४

रूथबाई आली. आधी माझा गुडघा, मग सुनेचा खोकला, मग शेळीचीसुद्धा चौकशी झाली. शेवटी म्हणाली, "दाजीबा, आमची मार्था उद्या नगरला नर्सिंग शिकाया जाती म्हन्ती. जरा शास्त्र उघडून बगा की."

नेहमीसारखे डोळे मिटले, बायबल उघडलं, बोट ठेवलं. दुःखानं पिचलेल्या ईयोबाचं पान. गेलेलं माणूस पुन्हा आपल्या घरी येत नाही, ते. मी आपलं वाचलं.

"नगं गं बाई! न्हाई धाडायची."

दारातली मार्था तोंडाला पदर लावून आईच्या मागं गेली.

मग मी पुन्हा उघडलं. तेच पान. परत तेच. अरे, दुसरं उघडेल कसं? घरधनीण वारली तेव्हापासून रोज संध्याकाळी मी तेच तर वाचतो. पुस्तकाची शिवण तिथंच उसवलीय. आणि ईयोब तिथं मेलेल्यांविषयी बोलतो, शिकायला निघालेल्या पोरीविषयी नाही! एवढंसुद्धा सांगायला सुचू नये मला?

सकाळच्या मोटारीआधी त्यांच्याकडे जायला हवं. पण रूथबाई म्हणाली, "मग दुसरं पान काडा," तर?

पुस्तक घरीच ठेवून जातो.