मालगाडी आणि निमोण्याचं पाणी

मी, खंडू म्हाळू ओव्हाळ, वय वर्षे साठ, धर्म बौद्ध, रेल्वेचा निवृत्त नोकर, राहणार गोपाळवाडी रस्ता, दौंड, जिल्हा पुणे, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. डोकं ठिकाणावर आहे. छातीत कळ येते, पण लिहायचं काम हाताचं आहे आणि हात अजून थरथरत नाही. मला कोणी भरीस घातलेलं नाही. उलट माझे जुने सोबती हौसराव फराटे परवा म्हणाले, "आप्पा, येवढ्यात कशाला?" याआधी मी मृत्युपत्र केलेलं नाही, त्यामुळे रद्द करायलाही काही नाही.

कलम १. घर. दोन खोल्या, पुढची पत्र्याची पडवी आणि मागचा शेवगा, हे सगळं माझा एकुलता मुलगा मच्छिंद्र याला द्यावं. तो सध्या शिरूरला एस.टी.त आहे आणि भाड्याच्या खोलीत राहतो. तो तिथे का राहतो ते कलम ६ मध्ये येईल. शेवगा त्याच्या आईने, म्हणजे कै. जाईबाईने लावलेला आहे, तो तोडू नये. शेंगा शेजाऱ्यांनी मागितल्या तर द्याव्यात, न मागता नेल्या तरी भांडू नये. मी भांडलो, त्याचा उपयोग झाला नाही.

कलम २. पोस्टात असेल ते निम्मं मच्छिंद्रला, निम्मं माझी थोरली बहीण ताईबाई हिला. तांब्याचा हंडाही ताईबाईला. हंडा चांगला आहे, माणसाने त्यातलं पाणी खुशाल प्यावं, पण त्यातलं पाणी कलम ५ मधल्या जिवाला चुकूनही घालू नये. तांबं त्याला विष आहे. हे मला पुण्याच्या एका शोभेचे मासे विकणाऱ्याने सांगितलं, आणि नशीब, वेळेवर सांगितलं.

कलम ३. हत्यारं मच्छिंद्रला. मोठा पाना त्यात सापडणार नाही, तो हौसरावांकडे आहे. बासष्ट साली दोन दिवसांसाठी नेला होता. हौसराव या कागदावर साक्षीदार आहेत, आणि साक्षीदाराला मृत्युपत्राने काही देता येत नाही असं वकील म्हणतात. म्हणून तो पाना मी बासष्ट सालीच देऊन टाकला होता असं समजावं. हौसराव मांडवगण फराट्याचे बागायतदार, साठ सालापासून आम्ही एकाच पाळीला होतो. पहिली सहा वर्षं ते घरून आणलेल्या तांब्यातलंच पाणी प्यायले. सातव्या उन्हाळ्यात त्यांचा तांब्या सांडला तेव्हा त्यांनी माझ्या डब्यातून ओतून घेतलं आणि घटाघटा प्यायले. त्यावर आम्ही दोघंही कधी बोललो नाही. पण पाना मागायचं मी त्या दिवसापासून सोडून दिलं.

कलम ४. माझी नोकरी. मालमत्तेत ही येत नाही, पण पुढचं समजायला लागेल. एकतीस वर्षं मी पाणी मऊ करायच्या प्लँटवर काढली. नदीचं पाणी जड असतं, त्यात चुना असतो. तसंच इंजिनात घातलं तर बॉयलरला आतून पांढरी खपली धरते आणि पुढे बॉयलर फुटायची वेळ येते. म्हणून तो चुना काढून टाकायचा. बाटलीत पाणी घ्यायचं, साबणाचे थेंब टाकायचे, हलवायचं, फेस टिकला म्हणजे पाणी पास. लहानपणी ज्याला गावच्या विहिरीवर लांब उभं करून वरून पाणी ओतायचे, त्याच्या सहीशिवाय दौंडात इंजिन पाणी घेत नव्हतं. याचा मला फार ताठा होता. अजूनही थोडा आहे.

कलम ५. काचपेटी आणि मालगाडी. त्र्याहत्तर साली एक गार्डसाहेब ऑस्ट्रेलियाला निघाले, तेव्हा त्यांच्या मेमसाहेबांनी लोखंडी चौकटीची काचपेटी मला दिली. आत चार गोगलगाई होत्या, पाण्यातल्या, सुपारीएवढ्या, तपकिरी, आत शिरल्या की तोंड बंद करायला पायाला झाकण असलेल्या. बाई रडत होत्या. मला वाटलं, गोगलगाईसाठी काय रडायचं. वर्षभरात मला कळलं. जाईबाई गेल्यावर संध्याकाळी माझ्या खोलीत हालचाल करणारं तेवढंच होतं, आणि तेही सावकाश.

त्यातली आता एकच उरली आहे, तिचं नाव मालगाडी. तिचं असं करावं. नळाचं पाणी एक दिवस उघडं ठेवून मग घालावं. दर तिसऱ्या दिवशी निम्मं बदलावं, सगळं बदलू नये. पेटी काठोकाठ भरू नये, चार बोटं मोकळी ठेवावी, कारण ती नळीसारखं नाक वर काढून हवा घेते. वर जाळी हवी, नाहीतर रात्री फिरायला निघते. मीठ नको, साबणाचा हात नको. दुधी, पालक, काकडी उकडून द्यावी आणि उरलेलं सकाळी काढावं, नाहीतर पाणी नासतं. काचेला चिकटली असेल तर ओढू नये, पाय फाटतो, हळूच बाजूला सरकवावी. मिशा लांब सोडून चालत असली की ती खुशीत आहे. आणि झाकण लावून आठवडाभर गप्प बसली तर मेली असं समजू नये. मेलेल्या गोगलगाईचा असा वास सुटतो की घरात थांबवत नाही. आधी वास घ्यावा, मग काय ते बोलावं.

कलम ६. रंभा. ही मच्छिंद्रची बायको, माझी सून, माहेर निमोणे. मी तिला प्लँटवरच्या पाण्याचं कौतुक सांगायचो. मी गोगलगाईंनाही तेच पाणी घालायचो, रोज एक डबा, इंजिनाला देतात ते, म्हणजे सगळ्यात उत्तम. गोगलगाई आल्यावर दुसऱ्याच महिन्यात ती म्हणाली, "आबा, ह्या पान्याला चव न्हाई. त्यांच्या पाठी बघा कशा पांढऱ्या पडल्यात. आमच्या निमोण्याचं घालून बघा की." मी हसलो. निमोण्याच्या विहिरीचं पाणी एवढं जड की त्यात डाळ शिजत नाही. तीस वर्षं पाण्यात काढलेल्या माणसाला ही पोरगी पाणी शिकवते, असं मी हौसरावांनाही सांगितलं आणि दोघं हसलो.

पंच्याहत्तरच्या उन्हाळ्यात गोगलगाईंच्या पाठीला, म्हणजे शंखाला, खड्डे पडले. एके दिवशी तिघींनी झाकणं लावली ती दिवसभर उघडलीच नाहीत. त्याच दिवशी पेटीशेजारी मला धुण्याच्या सोड्याची पुडी दिसली. रंभा धुणं धूत होती, पुडी तिने तिथे ठेवली, एवढंच. पण माझं डोकं फिरलं. मी चारचौघांत तिला म्हणालो की तू यांना मारलंस. आणि तिला तेव्हा चार वर्षं मूल नव्हतं, त्यावरून एक शब्द बोललो. तो शब्द मी इथे लिहीत नाही. तिघींचा वास घेतला नाही, कारण मला राग आला होता. तिच्याच हातात दिल्या आणि म्हणालो, उकिरड्यावर टाकून ये. ती गेली ती तशीच निमोण्याला गेली. मच्छिंद्रने निमोण्याजवळच्या शिरूरला बदली मागून घेतली. तो सणाला येतो. ती आली नाही.

शहात्तर साली निवृत्त झाल्यावर एकदा मी चहाचं भांडं खरवडत होतो. पाण्याने धरलेल्या पांढऱ्या खपलीचा एक तुकडा उडून पेटीत पडला. मालगाडी, तिच्याही पाठीला खड्डे होते, त्या तुकड्यावर जाऊन बसली आणि तीन दिवस तिथून हलली नाही. किसत होती, खात होती. तेव्हा मला लख्ख कळलं. पाठ चुन्याची असते. ज्या चुन्याशी मी एकतीस वर्षं भांडलो, तोच यांना हवा होता, आणि मी रोज डबा भरून तो काढलेलं पाणी यांना पाजत होतो. रंभा दुसऱ्या महिन्यात सांगत होती. मी निवृत्तीनंतरही मागवत होतो ते प्लँटचं पाणी बंद केलं, अंड्याची टरफलं कुटून घातली, मालगाडीची पाठ भरून आली. रंभाला सांगायला मात्र मला दोन वर्षं तोंड नव्हतं.

म्हणून काचपेटी आणि मालगाडी रंभाला द्यावी. आणि गोगलगाई माझ्या पाण्याने मेल्या, तिच्या हाताने नाही, हे मी इथे लिहून देत आहे. हा कागद नोंदवला जाईल आणि सरकारी दप्तरात राहील.

येथपर्यंत लिहून मी रंभाला पोस्टकार्ड टाकलं की कागदावर सह्या व्हायच्या आहेत, रविवारी ये. पुढचा मजकूर त्याच रविवारचा आहे.

रंभा मच्छिंद्रबरोबर दुपारच्या एस.टी.ने आली. हातात फडकं बांधलेला पत्र्याचा डबा होता. हौसराव आणि शेजारचे रखमाजी जगताप सहीसाठी आलेले होते. मी कलम ६ तिला वाचून दाखवलं. ती शेवटपर्यंत उभी राहिली, मग डब्याचं फडकं सोडलं. आत पाण्यात गोगलगाई होत्या. मोठ्या तीन, आणि बोराएवढ्या कितीतरी.

"ह्याच त्या तीन," ती म्हणाली. "उकिरड्यावर गेले तवा म्या वास घेतला. काय वास न्हवता. निमोण्याला नेल्या आन् हिरीवरच्या डोणीत टाकल्या. आठ दिसांनी झाकन उघडलं. वल्या मातीत अंडी घातली, ती ही पोरं."

मी मोठ्या तिघी हातात घेऊन पाहिल्या. पाठी गुळगुळीत होत्या, जुने खड्डे नुसते हाताला लागत होते.

"मंग तीन वर्सं सांगितलं का न्हाई?" मी विचारलं.

"तुमी इचारलं का?"

मी म्हणालो की सगळं लिहून दिलंय, वाचलं ना आत्ता. ती म्हणाली, "आबा, बोलला व्हता तोंडानं. चारचौघांत. कागद कशाला पुढं करता?"

हौसराव खाली बघायला लागले. मी खुर्चीवरून उठलो, कारण बसून ते बोलता येत नव्हतं, आणि म्हणालो, "रंभा, मी चुकलो. पानी माझं व्हतं, आन् त्यो शब्दबी माझाच. मला माफ कर." मला रडू आलं. लिहायला लाज वाटत नाही.

मग पेटीची जाळी काढून तिने डब्यातलं पाणी बारक्यांसकट आत ओतलं, मोठ्या तिघींना एकेक करून मालगाडीशेजारी सोडलं आणि म्हणाली, "ऱ्हाऊ द्या आता तुमच्यापाशी. पंधरा दिसांनी येते, पानी घिऊन."

सबब कलम ६ मध्ये दुरुस्ती अशी. काचपेटी रंभाची आणि मालगाडीही रंभाची. बाकीच्या देण्याचा मला अधिकार नाही, त्या तिच्याच आहेत. मी जिवंत असेपर्यंत त्या माझ्याकडे सांभाळायला आहेत. पाणी निमोण्याचं.

रंभालाही सही करायची होती, पण तिला वस्तू मिळत असल्याने साक्षीदार म्हणून तिची सही चालत नाही. म्हणून खाली दोनच साक्षीदार आहेत.

ठिकाण दौंड. तारीख १९ मार्च १९७८.

सही: खंडू म्हाळू ओव्हाळ

साक्षीदार १. रखमाजी जगताप, राहणार दौंड. सही माझ्या देखत केली.

साक्षीदार २. हौसराव फराटे, राहणार मांडवगण फराटा. सही माझ्या देखत केली. सहीच्या आधी सुनेची माफी मागितली, तीही माझ्या देखत, उभं राहून मागितली. निमोण्याच्या पाण्यावर मीही तेव्हा हसलो होतो, म्हणून माझीही माफी त्यात धरावी.