येते म्हणून गेलेली मुलगी

अप्पा, आज हायकोर्टात तुमचा एक जुना धडा वापरून मी जिंकले. श्रेय सगळं मीच घेतलं, पण तुम्हाला सांगितल्याशिवाय चैन पडेना.

खटला आपल्यातल्याच एका मुलीचा. तंजावरकडून चेन्नईत आलेलं मराठी घर, मुलगी सव्वीस वर्षांची, शोळिंगनल्लूरला कॉम्प्युटरवर काम करणारी. इरुंगाट्टुकोट्टैच्या कारखान्यातल्या एका तमिळ मुलाशी तिनं लग्न केलं, रीतसर नोंदवलंही. वडिलांना ते लग्नच मान्य नव्हतं. मुलीला पळवून नेऊन डांबून ठेवलंय, अशी त्यांनी जावयावर फिर्याद ठोकली. ती रद्द व्हावी म्हणून माझा अर्ज होता. फेटाळला असता तर पोराला अटक, मग नोकरीही गेलीच. मुलगी स्वतः उभी राहून सांगत होती की मी माझ्या मर्जीनं गेले. समोरचे वकील म्हणत, आता ती सासरच्या दबावाखाली बोलते, खरं बोलली ती मोबाइलवर. घर सोडल्याच्या दिवशी तिनं वडिलांना दोनच शब्द पाठवले होते, तेही इंग्रजी अक्षरांत, हल्लीच्या मुलांसारखे: "येते, अप्पा." पोलीस ठाण्यात कुणीतरी त्याचं इंग्रजी केलं, 'मी येत आहे.' म्हणजे त्यांच्या मते पोर परत यायला निघाली होती आणि नवऱ्यानं तिला अडवलं.

तो कागद वाचला आणि मला स्वयंपाकघरातले तुम्ही दिसलात. दिवसभर कोर्टात दुभाष्याचं काम करून तुम्ही घरी येता, आईला बाजूला सारून सांबाराला फोडणी देता आणि पळी हातात धरून माझं भाषांतर तपासता. एकदा मी शब्दाला शब्द लावून मोकळी झाले, तेव्हा तुम्ही वही मिटलीत. म्हणालात, "माणूस कुठं उभं राहून बोलतंय, तें आधीं बघ." मला तुमचा भयंकर राग आला होता.

मी न्यायाधीशांना एवढंच म्हटलं की ही मुलगी मोबाइलवर असली तरी उभी आहे उंबऱ्यातच. तमिळ घरातून निघताना माणूस 'पोयिट्टु वरेन' म्हणतो, जाऊन येतो म्हणतो, तसंच हे. न्यायाधीश हसू दाबत म्हणाले, सकाळी मीही घरात तेच सांगून निघालो. मग त्यांनी मुलीच्या वडिलांनाच विचारलं, तुमच्या घरात निघताना काय म्हणतात? म्हातारबुवांनी वेगळं काही सांगितलं असतं तर माझ्या शब्दाविरुद्ध त्यांचा शब्द झाला असता. पण मान खाली घालून त्यांनी तमिळमध्ये सांगितलं की आमच्यात 'जाते' म्हणत नाहीत, 'येते' म्हणूनच जायचं. फिर्याद रद्द झाली.

बाहेर व्हरांड्यात मुलगी वडिलांसमोर जाऊन उभी राहिली. "येते, अप्पा," म्हणाली. म्हातारबुवांनी जावयाकडे पाहिलं नाही, पण म्हणाले, "ये. आइतवारीं जेवायास ये. दोघंहि या." मी काळ्या कोटात, अशिलांदेखत, खुशाल रडून घेतलं.

आता माझं. लग्नासाठी मी घर सोडलं तेव्हा पेटी उचलून मुद्दाम "जाते" म्हणाले होते. तुम्ही मागून एवढंच म्हणालात, "जातें म्हणूं नये." त्यानंतर दोन वर्षं मी फिरकले नाही. ऐन वेळीही बापानं माझं क्रियापद सुधारलं, हा किस्सा मी आजवर कितीतरी ठिकाणी रंगवून सांगितलाय. लोक खूप हसतात. हे पत्र त्या खटल्याच्या फायलीतच ठेवते, तुम्ही गेल्यावर पाठवणार तरी कुठं. तुम्ही मला व्याकरण शिकवत नव्हतात, अप्पा. ते मला तेव्हा जिन्यातच कळलं होतं.