जातो

प्रिय बाबा,

हे पत्र तुमच्यापर्यंत पोचणार नाही. त्या दाराखाली कागद सरकवण्याइतकीही फट नाही.

जगाला दंतकथा वाटणाऱ्या जादूच्या वस्तूंचं जे भुयार राखायची आपली दोघांची नोकरी, त्यातलं ते सगळ्यात खालचं दार. आत जाणारा 'येतो' म्हणाला, तर तो परतेपर्यंत ते उघडं राहतं. 'जातो' म्हणाला, तर कायमचं मिटतं. परवा त्या दारामागचा, उजेड गिळणारा घडा तडकला आणि अंधार एकेक दिवा विझवत जिना चढू लागला. दार मिटायलाच हवं होतं. मी पुढे झाले, तर तुम्ही माझा हात धरलात.

"पदवीधर बाई, मागे व्हा. घरात एकच पदवी आहे, ती अंधारात कशाला घालवायची?"

आणि दूध आणायला निघतानाही 'येतो' म्हणणारे तुम्ही, उंबऱ्यावर 'जातो' म्हणालात.

खरं तेच बोलेन, अशी शपथ घेऊन मी या नोकरीत आले. आईने विचारलं, "निघताना काय म्हणाले गं?" मी सांगितलं, "येतो म्हणाले."

तेव्हापासून ती घराच्या दाराला कडी घालू देत नाही.

तुमचीच,
पदवीधर बाई