चुकलेल्या अंदाजाचं तिकीट

ऑकलंड, रविवार

लाडक्या आईला फेतूचा गोड पापा,

आम्ही मजेत आहोत. सरकारी मदतीसाठी आम्ही वर्षाच्या कमाईचा जो अंदाज लिहून दिला होता, तो चुकल्याचं पत्र आलं. मदत परत करावी लागणार असं वाटून मी कागद घेऊन चर्चमध्ये धावले. तिथल्या लगीमावशींनी ते तपासले आणि हसत सुटल्या.

“अगं वेडे, तुम्ही कमाई जास्त धरलीत, म्हणून मदत कमी मिळाली! सरकारच तुम्हाला देणं लागतंय.”

तुझ्या जावयाचे कारखान्यातले तास कमी झाले होते. तुला मुद्दाम कळवलं नव्हतं. आता बरं आहे.

त्या पैशांतून तुझं विमानाचं तिकीट काढलंय! गुडघा अजून दुखतो का? विमान पकडायला बेटावरून आपियाला जाशील, तेव्हा बोटीत जपून चढ.

नात चालायला लागली, तरी तू तिला एकदाही उचललेलं नाहीस. ये आणि उचल.

विमानतळावर तासभर आधीच येऊन उभी राहणारी,
फेतू