चौथे रीळ लेकीच्या स्वाधीन

मी, खाली सही करणारा, वय अठ्ठ्याहत्तर, व्यवसाय चित्रपट काढणे (निर्माता मीच, दिग्दर्शकही मीच, काढले पाच, चालला एक), हे मृत्युपत्र स्वतःच्या अक्षरात लिहीत आहे. डोके ठिकाणावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत आहे. माझ्यावर कोणाचाही दबाव नाही. पुतण्या त्यासाठी दोनदा येऊन गेला, पण चहा पिऊन परतला. यापूर्वीची तिन्ही मृत्युपत्रे रद्द समजावीत. त्यांतले एक त्याने वाचले असावे.

१. राहते घर आणि बँकेतली शिल्लक माझ्या एकुलत्या एका लेकीला. कपाटाची दुसरी किल्ली सापडत नाही. तिने आधी कुलूप बदलावे.

२. पाचही चित्रपटांचे हक्क तिलाच. पुतण्याला माझी सेटवरची खुर्ची द्यावी. तिचा एक पाय निखळतो, हे त्याला सांगू नये.

३. कॅमेरा माझ्या जुन्या कॅमेरामनला. लोक चकित होतील, कारण सदतीस वर्षे मी त्याला चोर म्हणत आलो. तिसऱ्या चित्रपटाच्या पहिल्याच खेळाला चौथे रीळ डब्यात नव्हते. लॅबमधून त्याची निगेटिव्हही गेली होती, आणि पावतीवर सही याची. प्रेक्षकांनी शिट्ट्या मारल्या, आठवड्यात चित्रपट उतरला. मी जाब विचारला, तर म्हणाला, "तुला काय समजायचं ते समज." दुसऱ्या निर्मात्याने त्याला फोडले, असे मी गावभर सांगितले. मग त्याला कोणी काम देईना. लग्नाचे फोटो काढून त्याने घर चालवले.

गेल्या महिन्यात तो काठी टेकत आला आणि टेबलावर डबा ठेवला.

"मीच नेलं होतं. वहिनींनी सांगितलं म्हणून. कुणाला बोलणार नाही असा शब्द दिला होता. पण आता मीही फार दिवसांचा नाही. हे कुणाच्या हवाली करू?"

त्या चित्रपटाची नायिका माझी बायको होती. चौथ्या रिळात ती जिन्यावरून पडते. कथेत पडणे नव्हतेच. तिला खरी भोवळ आली होती. पुढे ज्या दुखण्याने ती गेली, त्याची ती सुरुवात. "अहो, तेवढं काढून टाका ना," ती तीनदा म्हणाली. मी म्हणालो, "अगं, अख्ख्या सिनेमात तेवढंच तर जिवंत आहे."

४. ते रीळ लेकीला. पाहावे, जाळावे, तिची मर्जी. मी डबा उघडलेला नाही. तिची आई पडली त्या दिवशी नऊ वर्षांची ती सेटवर होती. डबा पाहून तिने एवढेच विचारले, "बाबा, आई पडल्यावर तुम्ही कट कधी म्हणालात?"

आठवत नाही, असे मी सांगितले. ते खोटे होते. मी कट म्हणालोच नाही. कॅमेरामनने आपणहून कॅमेरा बंद केला आणि तिला उचलायला धावला. मी जागेवरूनच त्याच्यावर ओरडलो, "बंद कुणी करायला सांगितला?"

हे तोंडावर सांगायला जमले नाही, म्हणून इथे लिहिले.

ठिकाण : राहते घर, पुढची खोली
दिनांक : अकरा, मंगळवार, सकाळी दहा

सही : (लिहून देणार)

आमच्यादेखत सही झाली :
१. समोरचे शिंपी
२. दाखला देणारे डॉक्टर

(दोघांनाही या कागदातून काही मिळायचे नाही, म्हणूनच त्यांना बोलावले. शेवटचे कलम झाकून सह्या घेतल्या आहेत. ते आधी लेकीने वाचावे.)