आईच्या नावापुढचा रकाना

गुरुजी, तुम्हाला जाऊन वीसेक वर्षं झाली असतील, तरी आज मी तुमच्याशी भांडायला बसले आहे. मेलेल्या माणसाशी भांडू नये म्हणतात. म्हणोत बापडे.

एटापल्लीच्या आश्रमशाळेत बाबाने मला आणलं तो दिवस आठवा. बाबा चप्पल बाहेर काढून उभा आहे, तुम्ही खुर्चीत, पुढ्यात शाळेचं रजिस्टर. त्याने माझं नाव सांगितलं आणि तुमचं पेन थांबलं. "याचा अर्थ काय गा?" बाबा नुसता हसला. आमच्यात म्हातारी बाई रडत्या बाळाला मांडीवर घेते आणि घरातल्या मेलेल्यांची नावं एकेक घेत जाते. ज्या नावाला बाळ गप होईल, ते माणूस परत आलं. मी बाबाच्या आईच्या नावाला गप झाले होते. एवढं मराठीत सांगणं त्याला कुठून जमणार? "अर्थ नाई तं नाव काऊन ठेवता बाप्पा?" म्हणत तुम्ही एका पुस्तिकेतून दुसरं नाव काढलं, लिहिलं आणि म्हणालात, "चंद्राचा पहिला किरण!" बाबाने हात जोडले. त्याच्या आईला तुम्ही घालवलंत आणि वर त्याच्याकडून नमस्कार घेतलात!

तुम्ही वाईट असता तर बरं झालं असतं, शिव्या देऊन मोकळी झाले असते. पण पुरात रस्ता बंद झाला तेव्हा आठ दिवस तुम्हीच चुलीपुढे बसून आम्हाला खिचडी रांधून घातली. तुमच्यामुळे शिकले, म्हणून आज चंद्रपुरात नोकरी आहे. काम काय, तर बाळांच्या नावांचं एक ॲप आहे, त्यातली मुळं आणि अर्थ तपासायचे. लोक काहीही ठोकून देतात. पहिल्याच आठवड्यात मी तुम्ही दिलेलं नाव तपासलं. चार कोश पालथे घातले. त्यात ना चंद्र, ना किरण. माझ्या बापाला अर्थ विचारणारे तुम्ही, तुम्ही स्वतः थाप मारलीत! संताप संताप झाला माझा.

परवा भामरागडहून भावाचा फोन आला. त्याला मुलगी झालीय. आम्ही घरी माडियातच बोलतो, पण शेजारी नर्सबाई उभी होती म्हणून तो मराठीत बोलला. "बाई, पोरगी आपल्या आईच्या नावाले गप झाली. पण नर्सबाई म्हणते, मोबाइलात हे नावच नाई. दाखल्यावर दुसरं लिवू का?"

नर्सबाई मोबाइलात बघत होती ते ॲप आमचंच. आणि ते नाव त्यात होतं, गुरुजी. कुणीतरी पाठवलं होतं. मूळ संस्कृत, अर्थ वनदेवी. धादांत खोटं. कोशात आधार नसेल तर नोंद काढायची असा आमचा नियम. मागच्या महिन्यात मी ती काढली. खोटा होता तो अर्थ, आणि मी काढलं नाव. माझ्या आईचं. चहा पिता पिता, एका बोटाने. तुम्ही निदान बाबाला विचारलं तरी होतं.

भावाला म्हटलं, "आईचंच लिव. अर्थ विचारला तं म्हण, माही आई." तो हसला, अगदी बाबासारखा. मग मी नोंद परत घातली, मूळ माडिया लिहिलं आणि अर्थाच्या रकान्यात लिहिलं, 'घरातली गेलेली बाई, परत आलेली'. साहेब उडवतील. उडवली तर पुन्हा घालीन.

हे पत्र टाकायला तुमचा पत्ता नाही, आणि असता तरी टाकलं नसतं. शेवटी आजीचं, म्हणजे माझं खरं नाव लिहून सही करायची असं सुरुवातीपासून ठरवलं होतं. हात भरभर चालला आणि खाली बघते तर तुम्ही दिलेलंच नाव.