पेडगावकरांशी राहिलेली प्यादेमात

मी, दत्तोपंत वामनराव चारठाणकर, वय वर्षे त्रेसष्ट, धंदा पूर्वी तहसील कचेरीत पेशकार, हल्ली पेन्शन खाणे, राहणार परभणी, स्टेशनच्या वाटेवर, आपल्या खुशीने व कोणाच्या भिडेला न पडता माझे हे मृत्युपत्र स्वहस्ते लिहून ठेवतो ते येणेप्रमाणे. छातीतली कळ आता वरचेवर येते. बुद्धी शाबूत असल्याचे डॉक्टरांनी सांगितले आहे. माझ्याशी पटावर बसलेल्यांना याबद्दल शंका असल्यास त्यांनी ती माझ्या पश्चात काढावी.

१. राहते घर, पत्र्याच्या दोन खोल्या व मागील अंगण, आडासहित, माझी एकुलती कन्या चि. सौ. हेमा, राहणार जिंतूर, हिला द्यावे. पोस्टातील शिल्लकही तिचीच. आडावर शेजाऱ्यांचा हक्क नाही, पण उन्हाळ्यात त्यांना पाणी भरू द्यावे. भांडण माझे होते, ते माझ्याबरोबर जाऊ द्या.

२. तांब्याचे घंगाळ व दोन मोठी पातेली छबूबाईस द्यावी. पत्नी कै. सुमंगला गेल्यापासून हीच बाई मला जेवू घालते आहे. स्वयंपाक तिखट करते. तरी द्यावी.

३. ओसरीवरचे बाकडे वैजीनाथ शिंपी यांस द्यावे. या गृहस्थांनी आयुष्यभर त्यावर बसून दुसऱ्यांच्या डावात चाली सुचवल्या. एकही चाल धड नव्हती. बाकडे घरी नेऊन त्यांनी आता स्वतःच्या घरात सुचवीत बसावे.

४. बुद्धिबळाचा कापडी पट व शिसवी मोहरे यांबद्दल थोडे सविस्तर लिहिणे भाग आहे. पेन्शन नोकरीची मिळाली, पण लोक मला ओळखत होते ते या पटामुळे. निजामाच्या अमदानीत दसऱ्याला जहागीरदारांकडे डाव मांडले जात, तेव्हा परभणीकडून मी व पेडगावकडून माणिकराव भुजंगराव हे बसत. हे मोहरे मला अशाच एका दसऱ्याला मिळाले, कारण मी वजिराने मात न देता प्यादेमात दिली होती. नुसती मात कोणीही देतो. सगळ्यांत हलक्या मोहऱ्याने राजाला मारणे यात आमच्याकडे इभ्रत होती. त्या दिवशी हरलेले माणिकरावच होते, आणि पहिली वाहवा त्यांनीच केली. पुढे दर शनिवारी ते गाडीने येत, सुमंगला चहा ठेवी, आणि दिवेलागणीपर्यंत आम्ही पटावर असू. दोघांनी एकमेकांचे घरचे फार विचारले असे नाही, पण सगळे माहीत होते.

पुढे संस्थान विलीन झाले. निजामाचा हाली रुपया गेला, हिंदुस्थानचा कलदार आला. उर्दूत चालणारे दफ्तर बदलले, त्या वयात मी नवे शिकलो आणि कुरकुर केली नाही. पटावरचे राज्य बदलले, ते मात्र हाताला मानवले नाही. सन १९५३ साली परभणीत प्रथमच विलायती नियमांनी सामने झाले. जिंकणाऱ्याने हैदराबादेस खेळायला जायचे होते. शेवटचा डाव माझा व माणिकरावांचा लागला. माझा एक डाव आधी बरोबरीत सुटला होता, त्यामुळे मला जिंकणे भाग होते आणि त्यांना बरोबरीही पुरत होती.

डाव माझा झाला होता. वजिराने सरळ मात होती. मला प्यादेमात द्यायची होती, म्हणून वजीर एक घर बाजूला घेतला, आणि त्या चालीने त्यांचा राजा कोंडला गेला. शह नाही, आणि हलायला घरही नाही. देशी डावात अशा वेळी कोंडणाऱ्याने चाल मागे घेऊन दुसरी करावी ही रीत आहे. मी बोलता बोलता वजीर उचलून मागे ठेवला. बाहेरगावचे पंच म्हणाले, "चाल झाली. डाव बरोबरीत." मी म्हणालो, माणिकरावांना विचारा. पंचांनी विचारले. माणिकराव डोक्याचा पटका नीट करत राहिले आणि म्हणाले, "नियमात जे असंल ते."

ते हैदराबादेस गेले. पहिल्याच डावात त्यांनी आपला राजा घोड्यासारखा उडवला. देशी डावात शह बसण्याआधी राजाला अशी एक उडी असते. तिथे लोक हसले. परत आले ते गाडीतून उतरून थेट माझ्या ओसरीवर. म्हणाले, "लय हसले वो, दत्तोपंत. तुमी असतेत तर हात धरला असता माजा. चला, मांडा पट, आपल्या रीतीनं खेळू." मी उभ्यानेच उत्तर दिले, "नियमात जे असेल ते," आणि आत गेलो. सुमंगलेने चहा ठेवला होता. तो तसाच राहिला. ती मला म्हणाली, "अहो, दारात आलेल्या माणसाला असं बोलतात का?" ती गेली तेव्हा दहाव्याला माणिकराव आले, अंगणात बसून होते, आणि उठून गेले. मी हाक मारली नाही.

त्यानंतर मी पुष्कळ लोकांशी खेळलो व बहुतेकांना हरवले. एकही डाव लक्षात नाही. मला फार वाईट वाटते, आणि ते येथे लिहून ठेवतो, कारण दुसरीकडे कुठे सांगावे हे कळत नाही. सबब सदर पट व मोहरे पेडगावच्या माणिकरावांस द्यावे. ते घेतील की नाही हे मला सांगता येत नाही.

५. वरील मजकूर लिहून होतो तोच, आज दुपारी, माणिकराव आले. छबूबाईचे माहेर पेडगावचे, तिने निरोप धाडला असावा. दाराशी उभे राहून म्हणाले, "काय लिहायलाव?"

"मृत्युपत्र," मी म्हणालो.

"मंग साक्षीदार लागंल की."

मृत्युपत्रासाठी बोलावलेले वकील दिनकरराव समोरच बसले होते. त्यांनी सांगितले की ज्याला काही द्यायचे त्याची साक्ष घेऊ नये, पुढे तंटे होतात. पट घ्या, नाहीतर सही करा. माणिकराव म्हणाले, "सही करतो. पट कामून पायजे? खेळणार कुनासंगं?"

मग त्यांनीच पेटीतून मोहरे काढले आणि तो डाव जसाच्या तसा मांडला, एक प्यादे चुकले नाही. माझा वजीर कोंडीच्या घरात ठेवून म्हणाले, "घ्या मागं. तवाच म्हनायला पायजे होतं मी. हैदराबाद बघायची लय हौस होती."

मी वजीर मागे घेतला. आता जागा मोकळी होती आणि माझी चाल होती. वजिराने मात दिसत होती. एक चाल सावकाश केली तर पुढे प्यादेमातही होती. मी ती केली. त्यांनी राजा हलवला. प्यादे ढकलले की संपले. मी ढकलले नाही. छातीत दुखते असे सांगितले. खरे म्हणजे त्या वेळी दुखत नव्हते.

६. सबब कलम ४ मधील देणे रद्द समजावे. पट व मोहरे हेमाचे. तिला दोन्ही रीती येतात. माझ्या पश्चात माणिकराव येतील तेव्हा तिने पट मांडावा, देशी रीतीने खेळावे आणि चहा गरम द्यावा. माणिकरावांस एवढाच हक्क देतो की या घरात त्यांना चाल मागे घेता येईल, कितीही वेळा. ही मालमत्ता नव्हे, तेव्हा साक्षीला बाध येत नाही, असे दिनकररावांचे मत पडले.

येणेप्रमाणे लिहून वाचून पाहिले, बरोबर आहे. मुक्काम परभणी, मुंबई राज्य, तारीख १४ नोव्हेंबर १९५९.

सही: दत्तोपंत वामनराव चारठाणकर

साक्षीदार:

१. दिनकरराव, वकील, परभणी. लिहून देणाराने माझ्यासमक्ष सही केली.

२. माणिकराव भुजंगराव, राहणार पेडगाव. दत्तोपंतांनी माज्यासमोर सही केली, शुद्धीवर हायेत. प्यादेमात मला मान्य हाय, पन प्यादं त्येंनीच ढकलायचं. उद्या सकाळच्या गाडीनं येतो.